कॅमेरा हातात, बूम कुणाकडे?

माहितीपट करणाऱ्या आणि करू पाहणाऱ्या वाचकांची बरीच पत्रं या वेळी आली. बहुतेकांची अडचण एकच आहे. युनिट दोन-तीन माणसांचं, कामं मात्र दहा जणांची. एकाच विषयावरची पत्रं एकत्र करून त्यांची उत्तरं इथे दिली आहेत.

मी चार वर्षं जाहिरातींच्या युनिटमध्ये कॅमेरा असिस्टंट आहे. तिथे फोकस ओढणाऱ्याने फक्त फोकस बघायचा असतो. आता एका संस्थेसाठी अर्ध्या तासाचा माहितीपट मिळाला आहे आणि दिग्दर्शन, कॅमेरा, साउंड, संकलन या सगळ्याची अपेक्षा माझ्याकडूनच आहे. एकट्याने हे होतं का? – वाचक, पुणे

चारही कामं एका माणसाला येऊ शकतात. एकाच क्षणी ती करता येत नाहीत, आणि बहुतेक एकट्या माणसांचे माहितीपट फसतात ते इथेच. मुलाखत चालू असताना तुम्ही फोकस बघत असता. कानाला हेडफोन असतो, पण तुम्ही ऐकत नसता. पुढचा प्रश्न डोक्यात चालू असतो. समोरचा माणूस मधेच महत्त्वाचं काही बोलून जातो आणि ते तुम्हाला महिन्याभराने संकलनाच्या टेबलावर ऐकू येतं. तेव्हा उपप्रश्न विचारायची वेळ निघून गेलेली असते.

म्हणून आधी कामांची यादी न करता वेळेची करा. कोणतं काम कोणत्या तासाला, असा कागद बनवा. संशोधन आणि दिग्दर्शन एकाच माणसाकडे सुखाने नांदतात. दिग्दर्शन आणि संकलनही नांदतं, मात्र मधे खंड हवा. त्याबद्दल पुढे लिहिलं आहे. माणसं आपापल्या कामात आहेत आणि तुम्ही बाजूला उभे राहून चित्रित करताय, अशा प्रसंगांत दिग्दर्शन आणि कॅमेरा एकाच हातात असणं उलट चांगलं, कारण निर्णय आणि हात यांच्यात अंतर राहत नाही. बैठ्या मुलाखतीत मात्र कॅमेरा आणि साउंड एकट्याने धरू नका. आणि शूटच्या दिवशी जेवण, गाडी, परवानग्या यांचे फोन घेणं हे दिग्दर्शकाचं काम नव्हे. तो फोन दुसऱ्या कुणाच्या तरी खिशात असला पाहिजे, मग तो गावातला एखादा होतकरू पोरगा का असेना.

एकच जास्तीचा माणूस परवडत असेल तर तो साउंडसाठी घ्या. कॅमेरामन तुम्ही आहातच. चित्र थोडं हललं तर प्रेक्षक सोसतो, पण बोलणं कळलं नाही तर तो उठून जातो. अमेरिकेतले फ्रेडरिक वाइजमन यांनी अनेक दशकं आपल्या माहितीपटांचं दिग्दर्शन, साउंड आणि संकलन स्वतः केलं आणि कॅमेरा दुसऱ्याकडे दिला. या वाटणीमागे मोठं शहाणपण आहे. बूम म्हणजे लांब दांड्यावरचा माइक. तो धरणाऱ्याचे डोळे मोकळे असतात. आता कोण बोलणार हे त्याला आधी कळतं, तो माइक तिकडे वळवतो आणि कॅमेरा माइकच्या मागे जातो. तुमची तयारी कॅमेऱ्याची आहे, तरी एकदा दोन दिवस ही अदलाबदल करून बघा.

आपल्याकडे तर सुरुवातच अशी झाली. सावे दादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली, तेव्हा युनिट नावाची गोष्टच नव्हती. दादासाहेब फाळक्यांनी वाटाण्याचं रोप एकेक फ्रेम घेत उगवताना टिपलं. पण फाळके एकटे होते असं म्हणणं सरस्वतीबाईंवर अन्याय आहे. फिल्मला भोकं पाडणं, ती धुणं ही कामं त्या करत होत्या. ‘सगळं एकट्याने केलं’ असं जिथे जिथे ऐकू येतं, तिथे असं कुणीतरी शोधावं.

तुमच्या अर्ध्या तासाच्या फिल्मसाठी आमचा अंदाज असा: कॅमेरा न नेता चार दिवस नुसतं भेटणं, आठ दिवस शूट, दोन दिवस राखीव, आणि संकलनाचे निदान पंचवीस दिवस. संस्थेने ‘दहा दिवसांत एडिट’ म्हटलं तर हा कागद समोर ठेवा.

ऊसतोड कामगारांवर माहितीपट करतोय. दिग्दर्शक मी, कॅमेरा मित्राकडे. फडात बोलणं घेतलं की नुसती खरखर येते. वायरलेस माइकही मधेमधे तुटतो. महाग माइक घ्यावा का? – वाचक, माजलगाव

माइक बदलू नका, लावायची जागा बदला. फडात आवाज बिघडायची तीन वेगवेगळी कारणं आहेत आणि प्रत्येकावर उपाय निराळा आहे.

पहिलं कारण कापड. ऊस तोडताना उसाच्या पात्याने कापू नये म्हणून बायका साडीवरून पुरुषी पूर्ण बाह्यांचा शर्ट घालतात. लेपल माइक, म्हणजे कपड्याला लावायचा छोटा माइक, या शर्टाला बाहेरून लावला की पाचट त्यावर घासतं, आणि आतून नुसता अडकवला की शर्ट आणि साडी त्याला दोन्हीकडून घासतात. त्यासाठी कापडी चिकटपट्टीचे दोन तुकडे घ्या. एकेकाची घडी घालून समोशासारखा छोटा त्रिकोण करा, चिकट बाजू बाहेर. दोन त्रिकोणांच्या मधे माइक दाबा, डोकं जरासं बाहेर ठेवा. हे शर्टाच्या दुसऱ्या आणि तिसऱ्या बटणाच्या मधे, आतल्या बाजूने चिकटवा. त्रिकोण दोन्ही कापडांना धरून ठेवतो, त्यामुळे घासायला काही उरत नाही. माइकच्या खाली वायरचा अंगठीएवढा वेढा करून तोही चिकटवा. वायर ओढली गेली तर ओढ वेढ्यावर येते, माइकपर्यंत पोचत नाही.

मंगळसूत्राचे मणी माइकवर आपटतात आणि टक टक असा आवाज येतो. तो नंतर काढता येत नाही, कारण तो शब्दांच्या मधोमध बसलेला असतो. मंगळसूत्र काढायला सांगू नका. माइक छातीच्या मधोमध लावण्याऐवजी गळ्याच्या हाडाजवळ एका बाजूला सरकवा. आणि बाईला माइक लावायला बाईच हवी. युनिटमध्ये नसेल तर टोळीतल्याच एखाद्या ताईंना एकदा दाखवून द्या, पुढे त्याच लावतील.

दुसरं कारण वायरलेस. हल्लीचे बरेच छोटे वायरलेस सेट २.४ गिगाहर्ट्झवर चालतात. या लहरी पाणी शोषून घेतं, आणि माणसाचं शरीर नि उभा ऊस दोन्ही पाण्याने भरलेले. डोक्यावर मोळी घेऊन बाई पाठमोरी झाली की तिचं शरीर ट्रान्समीटर आणि कॅमेऱ्याच्या मधे येतं आणि सिग्नल तुटतो. ट्रान्समीटर कंबरेला, कॅमेऱ्याच्या बाजूला लावा. त्याहून उत्तम म्हणजे ट्रान्समीटरमध्येच रेकॉर्डिंग होणारा सेट भाड्याने घ्या, म्हणजे सिग्नल तुटला तरी आवाज त्याच्या पोटात शाबूत राहतो. ट्रान्समीटर छोट्या प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळा, घामाने तो मरतो.

तिसरं कारण पातळी. बोलणं हळू आणि कोयत्याचा घाव मोठा. मॅन्युअल लेव्हल ठेवा, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, आणि बोलण्याची शिखरं उणे १२ डेसिबलच्या आसपास. ऑटो लेव्हल कधीही नको. ती प्रत्येक घावाला आवाज खाली पाडते आणि मग श्वास घेतल्यासारखी हळूहळू वर आणते. ३२ बिट फ्लोटचा रेकॉर्डर असला तर लेव्हलची काळजी मिटते, पण वारा आणि कापडाची खरखर तोही वाचवू शकत नाही. वाऱ्यासाठी बूमवर केसाळ आवरण हवंच.

शेवटी, फड सोडण्यापूर्वी सुट्टे आवाज घ्या. कोयत्याचे घाव जवळून दोन मिनिटं, पाचट ओढल्याचा आवाज, मोळी गाडीत पडल्याचा, बैलांच्या घुंगरांचा, आणि कुणीही बोलत नसताना फडाचा नुसता आवाज एक मिनिट. कोपीवर, म्हणजे कामगारांच्या झोपडीवर, मुलाखत घेतलीत तर तिथलाही एक मिनिट. संकलनात दोन वाक्यांमधली फट याच आवाजाने भरली जाते, नाहीतर प्रत्येक कटला भोक पडल्यासारखं ऐकू येतं.

एक गोष्ट आवाजाबाहेरची. नवरा-बायकोच्या जोडीला तिथे ‘एक कोयता’ म्हणतात, आणि उचल घेताना हिशोब कोयत्यावर होतो. तुमच्या फिल्ममध्ये दोघांपैकी एकच बोलत असेल तर अर्धाच कोयता आला आहे, हे ध्यानात ठेवा.

शूटवर डेटा सांभाळायलाही मीच असतो. मागच्या कामात एक कार्ड कॉपी न होताच फॉरमॅट झालं. परत असं होऊ नये म्हणून नेमकं काय करावं? – वाचक, कोल्हापूर

तुमचं कार्ड गेलं ते रात्री अकराला गेलं असणार. दिवसभर कॅमेरा धरून थकलेला माणूस कॉपी करायला बसतो तेव्हा चुका होतात. त्यामुळे पहिला नियम, कॉपी जेवणाच्या सुट्टीतच सुरू करायची.

आधी गणित करा. १०० मेगाबिट प्रतिसेकंदाने शूट करत असाल तर एका तासाचे ४५ जीबी होतात. रोज तीन तासांचं फुटेज म्हणजे १३५ जीबी, वीस दिवसांचे २.७ टीबी. दोन प्रती म्हटल्या की ५.४ टीबी. साध्या पोर्टेबल हार्ड डिस्कवर सेकंदाला १०० एमबी गतीने १३५ जीबी जायला साधारण तेवीस मिनिटं लागतात. दोन डिस्क आणि पडताळणी धरून दीड तास मोजा. हा दीड तास कॉल शीटमध्ये, म्हणजे शूटच्या दिवसाच्या वेळापत्रकात, छापा. छापला नाही तर तो तुमच्या झोपेतून जातो.

भरलेलं कार्ड कॅमेऱ्यातून निघाल्याबरोबर त्याची लॉकची खिट्टी ओढा, त्यावर लाल पट्टी चिकटवा आणि वेगळ्या डबीत उलटं ठेवा. रिकामी कार्डं एका खिशात, भरलेली दुसऱ्या, हा खिसा शूट संपेपर्यंत बदलायचा नाही. फोल्डरला तारीख, कॅमेरा आणि कार्डाचा क्रमांक असं नाव द्या. कार्डातली सगळी रचना जशीच्या तशी उचला. नुसत्या व्हिडिओ फाइली वेचून घेतल्यात तर काही कॅमेऱ्यांचा टाइमकोड (चित्रासोबतची वेळेची नोंद) आणि क्लिपची माहिती मागे राहते. ओढून टाकण्याऐवजी पडताळणी करणारं साधन वापरा. डाविंची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरच्या मोफत आवृत्तीतही क्लोन टूल आहे, ते प्रत्येक फाइल मूळ फाइलशी ताडून बघतं.

कॉपी झाल्यावर पहिली, मधली आणि शेवटची क्लिप उघडून बघा, आवाजासकट. दोन्ही डिस्कवर हे झाल्यावरच लाल पट्टी काढा. फॉरमॅट कॅमेऱ्यातच करा आणि तो दुसऱ्या दिवशी सकाळी करा, रात्री नाही. दोन डिस्क एकाच बॅगेत ठेवू नका. एक तुमच्याकडे, दुसरी साउंडवाल्याकडे. गावात वीज जाते म्हणून लॅपटॉप पूर्ण चार्ज झाल्यावरच कॉपी लावा. विजेवर चालणारी मोठी डिस्क अर्ध्यात बंद पडली तर तिच्यावरचं आधीचंही धोक्यात येतं.

चुकून फॉरमॅट झालंच तर त्या कार्डावर एक सेकंदही शूट करू नका. फॉरमॅटने बहुधा फक्त यादी पुसली जाते, माल आत असतो. वरून नवीन काही लिहिलं गेलं की मात्र तो गेला.

साठ तासांचं फुटेज आहे, फिल्म बावन्न मिनिटांची. शूट मीच केलं, एडिटही मीच करतेय. दोन महिने झाले, सव्वादोन तासांच्या खाली येत नाही. प्रत्येक शॉट लागतोच असं वाटतं. – वाचक, नाशिक

तुम्हाला शॉट दिसत नाही, त्यामागची मेहनत दिसते. पहाटे तीनला उठून, चिखलातून जाऊन घेतलेला तो सूर्योदय प्रेक्षकाला फक्त सूर्योदय असतो. कॅमेरा धरणाऱ्याने संकलन करताना ही अडचण हमखास येते. ती इच्छाशक्तीने जात नाही, पद्धतीने जाते.

पंधरा दिवस टाइमलाइन उघडू नका. त्या काळात सगळ्या मुलाखतींचा शब्दशः उतारा काढा, दर ओळीला टाइमकोड घाला. साठ तासांपैकी बोलणं वीसेक तास असेल. ते लिहून काढणं कंटाळवाणं आहे, पण लिहिताना तुम्ही कॅमेरामन राहत नाही, वाचक होता. मग उतारे छापा, लागणारी वाक्यं कात्रीने कापा आणि जमिनीवर मांडा. बोलण्याविना असलेल्या प्रसंगांसाठी वेगळ्या रंगाची कार्डं करा, प्रत्येकावर एकच ओळ: ‘आजी रेशनच्या रांगेत, अंगठा उमटत नाही.’ ओळ लिहिताना ‘छान प्रकाश’ यापलीकडे काही सुचलं नाही, तर तो प्रसंग फिल्ममध्ये नाही.

मग नवी टाइमलाइन. जुनी सव्वादोन तासांची कापत बसू नका, तिच्यातून बावन्न मिनिटं निघणार नाहीत. कार्डांच्या क्रमाने कोऱ्या टाइमलाइनवर पुन्हा रचा. अडीच तासांची जुळणी, दीड तासाचा रफ कट, पासष्ट मिनिटं, मग बावन्न, असे टप्पे धरा आणि प्रत्येक टप्प्याची टाइमलाइन वेगळ्या नावाने जपून ठेवा. जपलेली असते म्हणून कापायला हात धजतो.

पासष्ट मिनिटांवर तीन जणांना दाखवा. एक विषय जाणणारा, एक संकलक, एक ज्याला विषयाशी काही घेणंदेणं नाही. ‘कशी वाटली?’ विचारू नका, सगळे चांगलीच म्हणतात. कोण कुणाचं कोण, हे विचारा. घड्याळ कधी बघितलंत, ते विचारा. बघताना त्यांच्या मागे बसा आणि ते कुठे खुर्चीत हलतात त्या मिनिटाची नोंद करा. तिघेही एकाच ठिकाणी हलले तर दोष बहुधा तिथे नसतो, त्याआधीच्या तीन-चार मिनिटांत असतो. तिथे काहीतरी सांगायचं राहिलेलं असतं किंवा दोनदा सांगितलेलं असतं.

एक तांत्रिक गोष्ट तुमच्या पत्रात ओझरती आली आहे. गावातल्या लोकांनी मोबाइलवर काढलेले व्हिडिओ टाइमलाइनवर टाकल्यावर ओठ आणि आवाज जुळत नाहीत. मोबाइल अनेकदा बदलत्या फ्रेम रेटने शूट करतो. ते व्हिडिओ आधी सेकंदाला २५ फ्रेमच्या स्थिर दरात बदलून घ्या आणि मगच आत आणा. तुमच्या मुख्य कॅमेऱ्यावरही पुढच्या वेळी २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची असल्याने ट्यूबलाइट आणि बऱ्याचशा एलईडी दिव्यांखालची लहर त्याने टळते.

ट्रॅक्टरवर गाणं चालू होतं आणि मुलाखत सुंदर झाली. गाणं काढता येत नाही. ठेवलं तर चालेल? – वाचक, पंढरपूर

दोन अडचणी आहेत. कट मारला की गाणं उडी मारतं, त्यामुळे मुलाखत कुठेच लहान करता येत नाही. आणि हक्क दोन जणांचे असतात, ध्वनिमुद्रणाचे एकाचे आणि शब्द-चालीचे दुसऱ्याचे, जरी पुष्कळदा दोन्ही एकाच कंपनीकडे असले तरी. ध्वनिमुद्रणाचा हक्क आपल्या कायद्यात प्रकाशनानंतर ६० वर्षं असतो, गीतकार-संगीतकाराचा त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. म्हणजे गाणं जुनं आहे म्हणून मोकळं, असं नाही. मागे सहज वाजत होतं हा बचाव भरवशाचा नाही आणि प्रसारण करणारे तो मान्यही करत नाहीत. त्याच माणसाकडे परत जा आणि तेच प्रश्न शांत जागी विचारून नुसता आवाज घ्या. पहिल्या मुलाखतीतला एखादा छोटा तुकडा चित्रासाठी ठेवा आणि त्यावर नवा आवाज घाला. पुढच्या वेळी ट्रॅक्टरवाल्या दादांना आधीच विनंती करा. दहा मिनिटं गाणं बंद करायला कुणी नाही म्हणत नाही.

निर्माते म्हणतात, ‘तूच शूट करतोस, तूच एडिट करतोस, मग एकच मानधन.’ तीन कामांचे पैसे कसे मागायचे? क्रेडिटचं काय? – वाचक, ठाणे

माणसाचे पैसे मागू नका, दिवसांचे मागा. कोटेशनमध्ये ओळी सुट्या लिहा: संशोधनाचे दिवस, शूटचे दिवस, संकलनाचे दिवस, प्रत्येकाचा दर वेगळा. शूटच्या दिवशी तुम्ही दिग्दर्शक आणि कॅमेरामन दोन्ही असाल तर मुख्य कामाचा पूर्ण दर आणि दुसऱ्याचा निम्मा, हे आम्हाला न्याय्य वाटतं. दोन्ही पूर्ण मागितले तर निर्माता दुसरा माणूस आणेल, आणि त्यात त्याचं चुकणार नाही. संकलनाचे दिवस मात्र तुमचे वेगळे दिवस आहेत. त्या दिवसांत तुम्ही दुसरं काम घेऊ शकत नाही, तेव्हा तिथे सवलत नको. कॅमेरा, लेन्स, लाइट, लॅपटॉप तुमचे असतील तर त्यांचं भाडं स्वतंत्र ओळीत. मानधनात मिसळलं की लेन्सला बुरशी लागल्यावर दुरुस्तीचे पैसे तुमच्याच खिशातून जातात.

किती वेळा बदल करून देणार ते आकड्यात लिहा. रफ कटवर दोन फेऱ्या, फाइनल कटवर एक, त्यापुढे दिवसाच्या दराने. ‘समाधान होईपर्यंत’ हे शब्द दिसले तर सही करू नका. पैशांचे टप्पे कामाशी बांधा. सही झाल्यावर ३० टक्के, शूट संपल्यावर ३०, रफ कटवर २५, उरलेले मास्टर देण्याआधी. प्रदर्शनावर किंवा प्रसारणावर कुठलाही हप्ता ठेवू नका, ते तुमच्या हातात नसतं.

व्यावसायिक मानधनावर साधारण १० टक्के टीडीएस कापला जातो. तो जमा झाला की नाही हे आयकराच्या पोर्टलवर दर तिमाहीला बघा, वर्षाखेरीला नाही. सेवांची वार्षिक उलाढाल २० लाखांच्या पुढे गेली की जीएसटी नोंदणी लागते. उलाढालीत भाड्याच्या ओळीही धरल्या जातात, हे अनेकांच्या उशिरा लक्षात येतं.

कॉपीराइट कायदा, १९५७ नुसार चित्रपटाचा कर्ता निर्माता असतो आणि पैसे घेऊन करून दिलेल्या फिल्मचा हक्क, उलट करार नसेल तर, करवून घेणाऱ्याकडे जातो. म्हणून तीन गोष्टी करारात लिहून घ्या: शोरीलसाठी, म्हणजे आपल्या कामाचे नमुने दाखवण्यासाठी, दोन-तीन मिनिटं वापरायची परवानगी, महोत्सवांना फिल्म कोण पाठवणार, आणि न वापरलेल्या फुटेजचं काय.

क्रेडिटचे शब्द करारातच लिहा. ‘दिग्दर्शन, छायाचित्रण आणि संकलन’ असं एका पाटीवर एकत्र घेतलंत तर पुढे कुणी तुम्हाला नुसता संकलक म्हणून काम द्यायला बिचकतो, तेव्हा तीन पाट्या वेगळ्या मागा. आणि आठपैकी तीन दिवस कॅमेरा दुसऱ्याने धरला असेल तर ‘अतिरिक्त छायाचित्रण’ म्हणून त्याचं नाव यायलाच हवं. बूम धरलेल्या गावच्या पोरीचंही. तिला पुढचं काम त्या एका ओळीवर मिळू शकतं.

गोव्यात रापणीवर, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्याच्या मासेमारीवर, काम करतोय. किनाऱ्यावरून ड्रोन उडवायचा आहे, आणि माणसांच्या परवानग्या तोंडी चालतील का? – वाचक, म्हापसा

ड्रोन नियम, २०२१ प्रमाणे २५० ग्रॅमपेक्षा जड ड्रोन व्यावसायिक कामासाठी उडवायला रिमोट पायलट सर्टिफिकेट लागतं. सरकारच्या नकाशात हिरव्या दाखवलेल्या भागात ४०० फुटांपर्यंत उडवता येतं, विमानतळाच्या हद्दीपासून ८ ते १२ किलोमीटरच्या पट्ट्यात हिरव्या भागाची मर्यादा २०० फूट. गोव्यात दाभोळी आणि मोपा असे दोन विमानतळ आहेत, शिवाय दाभोळीला नौदलाचा तळ. त्यामुळे डिजिटल स्काय पोर्टलवरच्या नकाशात तुमचा नेमका किनारा बघितल्याशिवाय पेटी उघडू नका. लाल भागासाठी केंद्राची परवानगी लागते. आणि रापण ओढताना खाली माणसांची रांग आणि वर घारी आणि समुद्रपक्षी असतात. पहाटेच्या ओढीला ड्रोन जरा दूरच ठेवा. माणसांना त्या क्षणी वर बघायची सवड नसते.

तोंडी संमती पुरत नाही, पण कागद पुढे करून सही मागणंही पुरत नाही. फॉर्म त्यांच्या भाषेत, एक पानाचा ठेवा. फिल्म कुठे दिसेल हे ठळक लिहा: टीव्ही, इंटरनेट, महोत्सव. ज्यांना वाचता येत नाही त्यांना तो कॅमेऱ्यासमोर वाचून दाखवा आणि ‘हो’ रेकॉर्ड करा. अठरा वर्षांखालच्यांसाठी पालकांची सही आणि मुलाची मर्जी, दोन्ही घ्या. फॉर्मचा फोटो काढून त्याच दिवशीच्या फुटेजच्या फोल्डरमध्ये ठेवा. दोन वर्षांनी प्रसारक मागतो तेव्हा फाइल सापडत नाही, फोल्डर सापडतो.

माहितीपटाला सेन्सॉर लागतं का? यूट्यूबवर टाकून मग महोत्सवांना पाठवलं तर? – वाचक, अकोला

हॉलमध्ये लोकांना दाखवायचं असेल तर सिनेमॅटोग्राफ कायदा, १९५२ माहितीपटालाही लागू होतो, म्हणजे सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए (मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाने बघायच्या) प्रमाणपत्रात ७, १३ आणि १६ वर्षं असे तीन वयोगट आले आहेत. महोत्सवांना सरकारकडून सूट मिळू शकते, ती आयोजक घेतात. राष्ट्रीय पुरस्कारांसाठी मात्र प्रमाणपत्र त्या वर्षातलंच लागतं, तेव्हा डिसेंबरात धावपळ करू नका.

यूट्यूब सर्वात शेवटी. अनेक महोत्सवांना आधी कुठे न दिसलेली फिल्म हवी असते, आणि एकदा सार्वजनिक झालेली फिल्म खासगी करून ते नवेपण परत मिळत नाही. निवड करणाऱ्यांना पासवर्ड लावलेली लिंक द्या. मुंबईचा मिफ हा माहितीपट महोत्सव १९९० पासून दर दोन वर्षांनी होतो. केरळचा माहितीपट आणि लघुपट महोत्सव तिरुवनंतपुरमला भरतो. गोव्याच्या इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात इंडियन पॅनोरमाचा नॉन-फीचर विभाग आहे. फिल्म अर्धवट असतानाच सहनिर्माते शोधायचे असतील तर कोलकात्याचा डॉकएज बघा. तिथे मोजक्या मिनिटांत आपली फिल्म मांडावी लागते आणि सगळ्यांसमोर प्रश्नांना उत्तरं द्यावी लागतात.

पाठवण्याआधी इंग्रजी सबटायटल एखाद्या मराठी न येणाऱ्या माणसाला दाखवून घ्या. एका वेळी दोनच ओळी, एका ओळीत ४० अक्षरांच्या आसपास, आणि पडद्यावर निदान एक सेकंद. वऱ्हाडीतला प्रत्येक शब्द उतरवायचा हट्ट केला तर वाचणाऱ्याला चेहरा बघायला वेळच उरत नाही. सबटायटल चित्रावर कायमचे छापलेली एक प्रत आणि विना सबटायटलची एक प्रत, दोन्ही मास्टर ठेवा, आणि सबटायटलची फाइल वेगळी. दुसऱ्या भाषेची मागणी आली की विना सबटायटलची प्रतच कामाला येते.